मागच्या गेटची वाट आणि एका नकलेची गोष्ट

स्मरणिका समितीने मला 'सोसायटीचा इतिहास' लिहायला सांगितले. २००० साली नोंदणी झाली, तेव्हा मारुंजीत आपल्या इमारतींच्या चहूबाजूंना शेती होती, टँकर यायचा, रात्री कोल्हे ओरडायचे, वगैरे. हा इतिहास या अंकात इतर दोघांनी लिहिलाच आहे आणि माझ्यापेक्षा चांगला लिहिला आहे. म्हणून मी फक्त एका कागदाची गोष्ट सांगणार आहे. ती सांगायला निमित्त झाले २०२३ च्या वार्षिक सर्वसाधारण सभेचे.

त्या सभेत एका तरुण सभासदाने विचारले, "मागच्या गेटबाहेरची ती बारा फुटी वाट आपण बंद का करत नाही? आठ गाड्या सहज लागतील." टाळ्या पडल्या. पार्किंगचा प्रश्न निघाला की आपल्याकडे टाळ्या पडतातच. कमिटीतले कोणी म्हणाले, ती वाट कोर्टाच्या हुकमाने ठेवलेली आहे. "मग हुकूम दाखवा." फाईल उघडली. आत होती झेरॉक्सची झेरॉक्स, तीही एका बाजूने कापलेली, ना शिक्का, ना सही. तो मुलगा म्हणाला, "काका, असा कागद तर मी घरी प्रिंट करीन." मला राग आला नाही. मुलगा बरोबर बोलत होता.

मी बँकेत छत्तीस वर्षे काढली. खातेदाराचा दावा कोर्टात चालला की लेजरचे उतारे लागायचे. प्रत्येक वेळी जाडजूड लेजर कोर्टात न्यायचे नाही म्हणून १८९१ सालचा बँकर्स बुक्स एव्हिडन्स अ‍ॅक्ट आहे. मॅनेजरने उताऱ्याखाली लिहून द्यायचे, की ही नोंद बँकेच्या नेहमीच्या वहीतली आहे, नेहमीच्या कामकाजात झालेली आहे, वही अजून बँकेच्या ताब्यात आहे आणि ही तिची खरी नक्कल आहे. खाली नाव, हुद्दा, तारीख. अशा शेकडो उताऱ्यांवर मी सह्या केल्या. त्या सहीची किंमत मात्र मला काउंटरच्या पलीकडे उभे राहिल्यावर, निवृत्तीच्या उंबरठ्यावर कळली.

नकलेची ही चाल आपल्याकडे इंग्रजांच्या आधीपासून आहे. पेशवाईत वतनाचा, हद्दीचा, पाण्याचा तंटा गोतसभेपुढे किंवा सरकारात गेला की निवाडपत्र व्हायचे. जिंकणारा हरकी भरायचा, हरणारा गुन्हेगारी भरायचा आणि 'मी खोटा ठरलो' असे येजितखत लिहून द्यायचा. जुन्या सनदापत्रांच्या शेवटी एक ठरलेला मजकूर असतो. या पत्राची तालीक, म्हणजे नक्कल, लिहून घेऊन दफ्तरात ठेवावी आणि अस्सल पत्र ज्याचे त्याला भोगवट्यासाठी परत द्यावे, असा त्याचा अर्थ. म्हणजे अस्सल माणसाच्या घरी आणि नक्कल सरकारात. घराला आग लागली, वाळवी लागली, भाऊबंदाने कागद पळवला, की माणूस दफ्तराकडे धावायचा.

इंग्रजी अमलात हे उलटे झाले. अस्सल निकाल न्यायाधीशाच्या सहीने कोर्टाच्या दफ्तरात राहू लागला आणि पक्षकाराच्या हाती आली नक्कल. मग त्या नकलेला अस्सलाचे वजन देणे भाग होते. ते १८७२ च्या पुराव्याच्या कायद्याने दिले. जेम्स फिट्झजेम्स स्टीफन या गृहस्थांनी तो लिहिला आणि १ सप्टेंबर १८७२ ला तो लागू झाला. त्याचे कलम ७६ असे, की जो सरकारी दस्तऐवज पाहण्याचा एखाद्याला हक्क आहे, त्याची नक्कल मागितल्यावर आणि फी भरल्यावर संबंधित अधिकाऱ्याने दिलीच पाहिजे. तळाशी 'खरी नक्कल' असा दाखला, तारीख, सही, हुद्दा आणि शिक्का. कलम ७७ म्हणते, अशी नक्कल पुराव्यात चालेल. १ जुलै २०२४ पासून भारतीय साक्ष अधिनियम आला. त्यात हीच कलमे ७५ आणि ७६ झाली. नंबर एकाने सरकला, मजकूर जवळपास तोच.

'दिलीच पाहिजे' हे शब्द मला महत्त्वाचे वाटतात. नक्कल ही कोणा साहेबाची मेहेरबानी नाही. पण फुकटही नाही. १८७० च्या कोर्ट फी कायद्यात दर ३६० शब्दांना आठ आणे असा एक दर होता. शब्द मोजून पैसे! त्या काळी नक्कल हाताने लिहायचे. एकाने लिहायची, दुसऱ्याने अस्सल मोठ्याने वाचायचे आणि पहिल्याने बोट ठेवत ताडून पाहायचे. याला रुजुवात म्हणतात. पुढे टाइपरायटर आला, कार्बन आला, मग झेरॉक्स. पण 'रुजुवात घेणार' ही सही अजून नकलेवर असते.

पुण्याच्या माणसाला याचे सर्वांत मोठे उदाहरण माहीत हवे, ते म्हणजे ताईमहाराज प्रकरण. बाबामहाराज पंडित १८९७ साली वारले. त्यांच्या मृत्युपत्राने लोकमान्य टिळक विश्वस्तांपैकी एक झाले. १९०१ मध्ये औरंगाबादला जगन्नाथ या मुलाचे दत्तकविधान झाले आणि मग ताईमहाराजांनी तेच नाकारले. पुढचे टिळकांवरचे फौजदारी बालंट बहुतेकांना ठाऊक असते, दिवाणी भाग कमी ठाऊक असतो. पुण्याच्या पहिल्या वर्गाच्या सबजज्जाच्या कोर्टात १९०६ साली टिळकांच्या बाजूने निकाल. १९१० साली मुंबई हायकोर्टाने तो फिरवला. तेव्हा टिळक मंडालेच्या तुरुंगात होते. मार्च १९१५ मध्ये लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलने हायकोर्टाचा निकाल फिरवून दत्तक कायम केले. आता विचार करा. लंडनच्या त्या न्यायमूर्तींनी ना औरंगाबाद पाहिले, ना पुण्याचा साक्षीदार पाहिला. त्यांच्यापुढे होते ते पुण्या-मुंबईहून गेलेले, रुजुवात होऊन छापलेले कागद. निकाल त्या कागदांवर झाला.

आता आपल्या सोसायटीकडे येतो. नवीन सभासदांना ही हकिगत बहुधा माहीत नसेल.

आपली जमीन ज्या गटात आहे तो मूळ एका शेतकरी कुटुंबाचा. सातबारावर भावांची नावे होती, त्यांनी बिल्डरला जमीन दिली. बहिणीचे नाव वडिलांच्या पश्चात लागलेच नव्हते. मुळशी तालुक्यात असे घराघरात झाले आहे. हिंजवडीला आयटी पार्क येईपर्यंत त्या खडकाळ जमिनीला कोण विचारत होते? पुढे भाव आले, २००५ साली हिंदू वारसा कायद्यात दुरुस्ती होऊन मुलींचा हक्क ठळक झाला आणि २०१० मध्ये त्या बाईंनी वाटपाचा दावा लावला. प्रतिवादी भाऊ, बिल्डर आणि आपण. तेव्हा आमच्यातले बरेच जण त्यांना नावे ठेवायचे. मीही ठेवली. दाव्याची प्रत नीट वाचल्यावर माझे मत बदलले. बाईंचे म्हणणे साधे होते. वडिलांच्या जमिनीत माझा वाटा आहे आणि मला न विचारता तो विकला.

४ मार्च २०११, शुक्रवार. निशाणी ५ वरचा, म्हणजे तात्पुरत्या मनाईच्या अर्जावरचा हुकूम झाला आणि तो आपल्याविरुद्ध गेला. दाव्याचा निकाल लागेपर्यंत मिळकतीत कोणी त्रयस्थाचे हक्क निर्माण करू नयेत. यात आपले फ्लॅटही आले. म्हणजे विक्री बंद, गहाण बंद. तळमजल्यावरच्या एका कुटुंबाने गावाकडच्या आजारपणासाठी फ्लॅट विकायला काढला होता, इसार घेतला होता. तो व्यवहार तिथेच थांबला. त्या वहिनी माझ्या पत्नीपाशी येऊन रडल्या होत्या. इसार परत द्यावा तर तो दवाखान्यात गेलेला.

अपील करायचे ठरले. जिल्हा न्यायालयात अपिलाची मुदत ३० दिवस. आणि अपिलाला हुकमाची खरी नक्कल जोडायची. तेव्हा मी सोसायटीचा सचिव होतो, बँकेतून निवृत्त व्हायला थोडे महिने उरले होते. माझी समजूत अशी, की हुकूम झाला म्हणजे कोर्ट प्रत पाठवील, जशी हेड ऑफिसची मंजुरी शाखेला येते तशी. वकीलसाहेबांना वाटले, अर्ज सोसायटीने टाकला. आम्हाला वाटले, त्यांच्या कारकुनाने टाकला. वीस दिवस गेले. २५ मार्चला मी सहज फोन केला, "साहेब, नक्कल आली का?" पलीकडे क्षणभर शांतता. मग म्हणाले, "अर्ज कधी टाकलात?" माझ्या हातापायांतले बळ गेले. चूक आमची होती, दुसऱ्या कोणाची नव्हे. त्याच दिवशी रिक्षा करून कोर्टात गेलो, अर्ज लिहिला, स्टँप लावला, पैसे भरले, पावती घेतली.

आणि मग मी दुसरी चूक केली. पावती खिशात घालून घरी बसलो. २ एप्रिलला वर्ल्ड कपची फायनल, रात्रभर सोसायटीत फटाके. ४ ला गुढीपाडवा. तयार नकलांची यादी फलकावर लागते, ती जाऊन पाहायची असते, हे मला कोणी सांगितले नव्हते आणि मी विचारलेही नव्हते. ९ आणि १० ला दुसरा शनिवार-रविवार, १२ ला रामनवमी, १४ ला आंबेडकर जयंती. १५ एप्रिलला, शुक्रवारी, मी नकलेच्या खिडकीशी उभा राहिलो. आतल्या बाईंनी गठ्ठ्यातून काढून दिली आणि म्हणाल्या, "काका, ही सात तारखेलाच तयार आहे."

मनातल्या मनात मी हिशोब केला. ४ मार्चपासून तीस दिवस केव्हाच उलटले होते. संपले सगळे, असे वाटले. नक्कल तशीच वकीलसाहेबांच्या टेबलावर ठेवली. त्यांनी हुकूम वाचलाच नाही. शेवटचे पान उलटले आणि तळाचा शिक्का पाहिला. अर्ज केल्याची तारीख, नक्कल तयार झाल्याची तारीख, नक्कल दिल्याची तारीख. एक कागद ओढून लिहू लागले. ते गणित मी इथे मुद्दाम देतो, कारण बँकेच्या माणसाला व्याजाचे दिवस मोजता येतात, पण हे येत नव्हते.

मुदतीच्या कायद्याचे (१९६३) कलम १२ सांगते, हुकमाचा दिवस धरायचा नाही. म्हणून मोजणी ५ मार्चपासून. नक्कल मिळण्यासाठी लागलेला आवश्यक काळही धरायचा नाही. ५ ते २४ मार्च, वीस दिवस आमच्या आळसाचे, ते गेले. २५ मार्च ते ७ एप्रिल, दोन्ही दिवस धरून चौदा, नकलेचे, ते वगळले. ८ एप्रिलपासून उरलेले दहा सुरू. दहावा दिवस १७ एप्रिल. ८ ते १५ मी घरी बसलो, ते मात्र कोणी वगळत नाही. नक्कल तयार असून तुम्ही नेली नाही तर तो काळ 'आवश्यक' नव्हे. पण १६ ला शनिवारी महावीर जयंती आणि १७ ला रविवार. शेवटच्या दिवशी कोर्ट बंद असेल तर उघडल्या दिवशी दाखल करता येते, हे कलम ४. म्हणजे सोमवार, १८ एप्रिल. तो शेवटचा दिवस. "साहेब, तुमच्याकडे दोन सुट्ट्या आहेत अपील लिहायला," असे म्हणून ते हसले. मला हसू आले नाही.

सोमवारी सकाळी अकराला अपील दाखल झाले. काही आठवड्यांत जिल्हा न्यायालयाने, दाव्याआधी विकल्या गेलेल्या फ्लॅटपुरती मनाई उठवली. तळमजल्यावरच्या कुटुंबाचा व्यवहार झाला. ते आता नाशिकला असतात, दिवाळीला फोन येतो.

नंतर मी या 'आवश्यक काळा'चे थोडे वाचन केले, निवृत्त माणसाला वेळ असतो. यावरही प्रिव्ही कौन्सिल बोलून गेले आहे. १९२२ च्या निकालात ते म्हणाले, की पक्षकाराने वाजवी तत्परता दाखवली असती तर जो काळ गेलाच नसता, तो आवश्यक म्हणता येणार नाही. १९२८ मध्ये रंगूनच्या एका प्रकरणात मात्र उदार झाले. तिथल्या हायकोर्टाच्या नियमाने अपिलाला नक्कल जोडण्याची सक्ती नव्हती, तरी नकलेसाठी गेलेला काळ वगळलाच पाहिजे, असे ठरवले. माणसाला निकाल हातात घेऊन, वाचून, अपील करायचे की नाही हे ठरवता आले पाहिजे, असा मी त्याचा अर्थ लावतो. आणि अगदी अलीकडे, ऑक्टोबर २०२१ मध्ये, सर्वोच्च न्यायालयाने कंपन्यांच्या दिवाळखोरीच्या एका प्रकरणात बजावले, की नकलेसाठी अर्जच न करता मोफत प्रत येईल म्हणून वाट पाहत बसलेल्याला मुदतीची सवलत नाही. तो निकाल वाचताना मला २०११ चे माझे वीस दिवस आठवले. फरक एवढाच, की मी एकविसाव्या दिवशी फोन केला.

आपला मूळ दावा २०१७ साली तडजोडीने मिटला. बिल्डरने बाईंना त्यांच्या वाट्याचे पैसे दिले. आणि आपल्या मागे त्यांची जी उरलेली जमीन आहे, तिथे जायला बारा फुटी वाट कायम मोकळी ठेवायची, असे सर्वांनी सह्या करून पुरसीस दिली. त्यावर हुकूमनामा झाला. तीच ही मागच्या गेटची वाट. त्या सह्यांत आपल्या अध्यक्षांची आणि माझीही सही आहे. त्या हुकूमनाम्याची नक्कल आपण घेतली होती. दोन कमिट्या बदलल्या, ऑफिसला रंग दिला, कपाट हलवले आणि ती गेली. राहिली झेरॉक्सची झेरॉक्स.

म्हणून २०२३ च्या सभेनंतर मी पुन्हा त्या खिडकीशी गेलो. वय बहात्तर, गुडघे बोलू लागलेले. आधी नातीने मोबाइलवर केस नंबर टाकून हुकूमनामा काढून दाखवला. ई-कोर्ट्समुळे ही मोठीच सोय झाली आहे, वाचायला उत्तम. पण ती प्रत खऱ्या नकलेची जागा घेत नाही, तिच्यावर कोणाची सही-जबाबदारी नसते. डीम्ड कन्व्हेयन्ससाठी जिल्हा उपनिबंधकांकडे किंवा फेरफारासाठी तलाठ्याकडे जाताना सही-शिक्क्याची नक्कलच बरी. नातीला हे पटले नाही. "आजोबा, मजकूर तोच आहे ना?" मजकूर तोच आहे बाळा, पण उद्या कोणी 'तोच नाही' म्हणाला तर?

निकाली फाईल रेकॉर्ड रूममध्ये गेलेली. दाव्याचा नंबर, वर्ष, पक्षकारांची नावे, निकालाची तारीख, हे सगळे अर्जात लागते. मी ते २०११ च्या डायरीपासून टिपून ठेवले होते. जुन्या फायलींचे कागद वर्गवारीप्रमाणे ठरावीक वर्षांनी नष्टही करतात, त्यासाठी १९१७ चा वेगळा कायदा आहे. हुकूमनामा टिकतो, पण इतर किरकोळ कागद टिकतीलच असे नाही. या वेळी मी शहाणा होतो. फलकावरची यादी दर दोन दिवसांनी पाहिली. तिसऱ्या आठवड्यात नक्कल हातात आली. खिडकीत एक तरुण मुलगी होती. तिने पाने मोजायला सांगितली, प्रत्येक पानावरचा शिक्का दाखवला आणि सही घेतली. हुकूमनामा मराठीत आहे. १९९८ पासून खालच्या कोर्टांची भाषा मराठी झाली त्याचा हा फायदा. पुढच्या सभेत मी वाटेचे कलम मोठ्याने वाचून दाखवले, तेव्हा कोणाला भाषांतर लागले नाही.

वाचून झाल्यावर पार्किंगचा विषय विचारणारा तो मुलगा उठला. मला वाटले, आता वाद घालणार. त्याने नक्कल हातात घेतली, तळाच्या तीन तारखा पाहिल्या आणि विचारले, "काका, या तीन तारखा कशाला?" सभा संपल्यावर आम्ही जिन्यात बसून अर्धा तास बोललो. आता तो कमिटीत आहे आणि डीम्ड कन्व्हेयन्सचे काम तोच पाहतो.

गेल्या पावसाळ्यात त्या बाईंच्या नातवाने मागच्या जमिनीत भाताऐवजी नर्सरी घातली. त्याचा टेम्पो सकाळी सातला त्या वाटेने जातो. काहींची झोपमोड होते, तशी तक्रार रजिस्टरमध्ये आहे.

नक्कल बँकेच्या लॉकरमध्ये ठेवली आहे. लॉकर अध्यक्ष आणि सचिव यांच्या संयुक्त नावावर. तिची नीट, न कापलेली झेरॉक्स ऑफिसच्या निळ्या फाईलमध्ये पहिल्याच पानावर आहे आणि दाव्याचा नंबर फाईलच्या पाठीवर लाल पेनने लिहिला आहे. रंगकाम निघाले तर कृपया ती फाईल हलवण्याआधी मला एक फोन करावा.